सिनेमा लिहिणाऱ्या बाई

आपण सिनेमा पाहतो. नट हसतो, रडतो, बोलतो. पण ते बोलणे आधी कोणीतरी कागदावर लिहिलेले असते. कोण कुठून येईल, काय करील, काय बोलेल, सारे लिहावे लागते. त्याला पटकथा म्हणतात. घराला जसा नकाशा, तशी सिनेमाला पटकथा.

अशा पटकथा लिहिणाऱ्या एक बाई आपल्या पुण्यात होऊन गेल्या. सुमित्रा भावे त्यांचे नाव. जन्म १९४३ सालचा. कोथरूडला लागून कर्वेनगर आहे. तिथल्या कर्वे समाजसेवा संस्थेत त्या शिकवीत. सिनेमाचे शिक्षण त्यांनी घेतलेले नव्हते. झोपडपट्टीतल्या बायांकडे जायचे, त्यांचे सुखदुःख ऐकायचे, लिहून घ्यायचे, हे त्यांचे काम. आता अशा माहितीचे काय होते? पुस्तक होते आणि शिकलेली माणसे ते वाचतात. जिने सांगितले तिलाच ते वाचता येत नाही! हे सुमित्राबाईंना खटकले. अक्षर न येणारीलाही कळेल असे काय? तर सिनेमा. म्हणून १९८५ साली त्यांनी 'बाई' हा छोटा चित्रपट केला. त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. तेव्हा त्यांचे वय बेचाळीस. या वयात नवे काम हाती घेणे सोपे नाही, हे आपण जाणतोच.

पुढे सुनील सुकथनकर यांच्या जोडीने त्यांनी पुष्कळ चित्रपट केले. 'दोघी' १९९५ सालचा. दुष्काळी गाव, दोन बहिणी. थोरलीच्या लग्नादिवशीच वऱ्हाडाला अपघात होतो, नवरदेव जातो. गाव पोरीलाच अपशकुनी ठरवते. बाप अंथरुणाला खिळतो. मग पोटासाठी तिला मुंबईला धाडतात. तिथे तिच्या वाट्याला काय येते, ते तोंडाने कोणी बोलत नाही. तिचे पैसे मात्र घरात चालतात. कोणी कुठे गप्प बसावे, हेही पटकथेत लिहावे लागते, आणि ते फार कठीण, असे आम्हाला वाटते.

'अस्तु'च्या संवादांसाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. २०१७ साली 'कासव'ला सुवर्णकमळ मिळाले. देशातला हा पहिला मान १९५४ साली 'श्यामची आई'ला मिळाला होता.

'दिठी' त्यांनी दि. बा. मोकाशी यांच्या कथेवरून लिहिला. रामजी लोहार वारकरी. त्याचा तरणा मुलगा पुरात जातो. तो दुःखात बसलेला असतानाच शेजारची गाय अडते, आणि सोडवायला त्यालाच बोलावणे येते. हा चित्रपट मे २०२१ मध्ये लोकांपुढे आला. सुमित्राबाई त्याआधी महिनाभर, १९ एप्रिलला, पुण्यातच वारल्या.