‘डीएलएल फाइल सापडत नाही’ : अशा वेळी काय करावे?

घरातला संगणक सहसा कोणा एकाचा राहत नाही. मुलगी त्यावर शिष्यवृत्तीचा अर्ज भरते, मुलगा प्रकल्प तयार करतो, अब्बा दुकानाचा हिशेब ठेवतात आणि भावाच्या निकाहाचे फोटोही त्यातच असतात. अशा संगणकावर एखादा प्रोग्राम उघडायला जावे आणि पडद्यावर चौकट यावी की, अमुक डीएलएल फाइल सापडत नाही, म्हणून प्रोग्राम सुरू होऊ शकत नाही! फाइलचे नावही असे विचित्र की वाचता वाचता जीभ अडखळावी.

अशा वेळी बहुतेकजण ते नाव इंटरनेटवर शोधतात, ती एकच फाइल फुकट देणारे संकेतस्थळ सापडते आणि फाइल उतरवून घेतात. नेमके हेच करू नये. का, ते समजण्यासाठी ही फाइल म्हणजे काय हे आधी पाहू.

सामाईक भांडी

अनेक मोहल्ल्यांत जमातीकडे मोठ्या देगा, ताटे, सतरंज्या ठेवलेल्या असतात. प्रत्येक घराने लग्नासाठी स्वतःची देग विकत घेण्याची गरज नसते. ज्याच्याकडे कार्य असेल त्याने न्यावे, वापरावे. डीएलएल म्हणजे डायनॅमिक लिंक लायब्ररी, हा असाच सामाईक साठा आहे. छपाई करणे, खिडकी दाखवणे, फाइल उघडणे ही कामे प्रत्येक प्रोग्रामला लागतात. ती एकदाच लिहून एका फाइलमध्ये ठेवली की सगळे प्रोग्राम तिचा उपयोग करतात. त्यामुळे जागा वाचते आणि दुरुस्तीही एकाच ठिकाणी करता येते. १९८५ साली आलेल्या विंडोजच्या पहिल्या आवृत्तीपासून ही पद्धत आहे. लिनक्समध्ये अशा फाइलींच्या नावाशेवटी ‘एसओ’ आणि मॅकमध्ये ‘डायलिब’ असते, तत्त्व तेच.

सोय आहे तिथे अडचणही आहे. एका घराने देग नेली आणि परत करताना वेगळ्याच मापाची आणून ठेवली, तर पुढच्याची पंचाईत होते. १९९० च्या दशकात असेच होत असे. नवा प्रोग्राम बसवताना तो सामाईक फाइल बदलून टाकी आणि जुना प्रोग्राम बंद पडे. या त्रासाला तेव्हा ‘डीएलएल हेल’ असे नावच पडले होते. पुढे विंडोज २००० पासून महत्त्वाच्या फाइलींना संरक्षण मिळाले आणि नंतर एकाच फाइलच्या अनेक आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवण्याची सोय झाली.

फाइल का हरवते?

कारणे साधी असतात. प्रोग्राम अर्धवट बसलेला असतो. कोणी तो रीतसर न बसवता पेन ड्राइव्हवरून नुसता उचलून आणलेला असतो. त्याला लागणारा पूरक संच संगणकात नसतो. एखादा जुना प्रोग्राम काढताना सामाईक फाइलही गेलेली असते. कधी अँटीव्हायरसने ती संशयित म्हणून बाजूला काढलेली असते. चोरीच्या, म्हणजे ‘क्रॅक’ केलेल्या प्रोग्राममध्ये हे बरेचदा घडते. आणि कधी हार्ड डिस्कच खराब होऊ लागलेली असते.

सुटी फाइल का आणू नये?

पहिली गोष्ट धोक्याची. डीएलएल हा फोटोसारखा निरुपद्रवी मजकूर नसून चालणारा प्रोग्राम असतो. अनोळखी ठिकाणची फाइल आत आली की ती आपल्याच प्रोग्रामच्या परवानग्या वापरते. तिच्यात खोट असेल, तर साठवलेले पासवर्ड आणि कागदपत्रे दुसऱ्याच्या हाती जाऊ शकतात. ‘एका क्लिकमध्ये सर्व चुका दुरुस्त’ म्हणणाऱ्या आणि शेकडो दोष दाखवून पैसे मागणाऱ्या प्रोग्रामपासूनही दूर राहावे.

दुसरी गोष्ट अशी की, त्याने काम होतच नाही. नाव तेच असले तरी आवृत्ती वेगळी असू शकते. ३२ बिटची फाइल ६४ बिटच्या प्रोग्रामला चालत नाही. त्यातच ६४ बिटच्या विंडोजमध्ये ‘सिस्टिम३२’ या फोल्डरमध्ये ६४ बिटच्या फाइली असतात आणि ३२ बिटच्या फाइली ‘सिसवॉव६४’ मध्ये! अंदाजाने फाइल टाकणारा तिथेच फसतो. शिवाय एक फाइल आणली की ती दुसरी मागते, दुसरी तिसरी मागते.

मग करावे काय?

१. मोबाइलने त्या चौकटीचा फोटो काढा. फाइलचे आणि प्रोग्रामचे पूर्ण नाव पुढे लागते.

२. संगणक बंद करून पुन्हा सुरू करा. मग अँटीव्हायरसने काही बाजूला काढले आहे का ते पाहा. प्रोग्राम कुठून आला याची खात्री नसेल, तर काढलेली फाइल परत आणू नका.

३. तो प्रोग्राम पूर्ण काढा आणि बनवणाऱ्या कंपनीच्याच संकेतस्थळावरून घेऊन पुन्हा बसवा. पुष्कळदा एवढ्याने भागते.

४. फाइलचे नाव ‘एमएसव्हीसीपी’ किंवा ‘व्हीसीरनटाइम’ असे सुरू होत असेल, तर मायक्रोसॉफ्टच्या संकेतस्थळावरून ‘व्हिज्युअल सी प्लस प्लस रिडिस्ट्रिब्युटेबल’ हा संच फुकट घ्या. नावात १४० असेल तर २०१५ आणि त्यानंतरचा संच लागतो. ६४ बिटच्या संगणकावर ३२ आणि ६४ बिट असे दोन्ही बसवणे बरे. ‘डी३डीएक्स९’ असे नाव खेळांत किंवा चित्रांच्या जुन्या प्रोग्राममध्ये येते. त्याला मायक्रोसॉफ्टचा ‘डायरेक्टएक्स’ संच लागतो.

५. फाइल विंडोजचीच असेल, तर ‘कमांड प्रॉम्प्ट’ ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडा आणि इंग्रजी अक्षरांत ‘एसएफसी /स्कॅननाऊ’ लिहून एंटर दाबा. विंडोज स्वतःच्या फाइली तपासते आणि बिघडलेल्या बदलते. वेळ लागतो, मध्येच बंद करू नका.

६. एकाच वेळी अनेक प्रोग्राम रुसले, संगणक अडखळू लागला, तर डिस्कचा संशय घ्या. इतर उपाय थांबवून आधी फोटो आणि कागदपत्रे दुसरीकडे उतरवून घ्या.

दुरुस्तीच्या दुकानात ‘फॉरमॅट करावे लागेल’ असे चटकन सांगितले जाते. एकाच प्रोग्रामची तक्रार असेल, तर सहसा त्याची गरज नसते, हे आता आपण विचारू शकता. खरेच गरज पडली तर घरच्या सर्वांचे साहित्य आधी बाजूला काढून घ्या आणि ते दुसऱ्या संगणकावर उघडते का ते स्वतः पाहा. प्रोग्राम पुन्हा बसवता येतो. निकाहाचे फोटो पुन्हा काढता येत नाहीत.