घसरण्यासाठीच केलेला पट्टा

मे महिन्यातला शनिवार, अमेरिकेतल्या ओहायोतलं एखादं उपनगर. इंजिन ठणठणीत धडधडतंय, खालची पाती फिरताहेत, पण गवत कापायची गाडी काही पुढे सरकत नाही. जरासा चढ आला की गुरगुरते, जळक्या रबराचा वास सोडते आणि जागीच थांबते. वर बसलेल्या माणसाच्या मनात इंजिन, गिअरबॉक्स असे महागडे संशय येऊन जातात. खरा दोष पुष्कळदा पोटाखाली दडलेल्या एका रबरी पट्ट्याचा असतो.

आपल्याकडे हिरवळ कापायला कुणी गाडीवर बसून फिरताना सहसा दिसत नाही. तिकडे मात्र हे यंत्र पुष्कळ घरांतलं. २००५ साली प्रसिद्ध झालेल्या, क्रिस्टिना मिलेसी आणि सहकाऱ्यांच्या अभ्यासात उपग्रहचित्रांच्या आधारे अमेरिकेतल्या हिरवळीचं क्षेत्र सुमारे १ लाख ६३ हजार चौरस किलोमीटर निघालं. निम्म्याहून जास्त महाराष्ट्र मावेल एवढं गवत, आणि ते वाढलं की कापायचं! तिथे घर घेतलेल्या मराठी माणसालाही या कामातून सुटका नाही.

या गाडीत इंजिन उभ्या दांड्याचं असतं. दांड्याच्या खालच्या टोकाला पुली, मागच्या गिअरबॉक्सवर दुसरी पुली, आणि दोघींना जोडणारा पट्टा. गावच्या पिठाच्या गिरणीतही पट्टा होताच. पण जुन्या गिरणीचा तो रुंद आणि सपाट, घसरायला लागला की मालक त्याला राळ चोळायचा. गाडीतला पट्टा आकाराने वेगळा आहे. आडवा कापून पाहिला तर वर रुंद, खाली अरुंद, पाचरीसारखा. तो पुलीच्या खाचेत बसतो तेव्हा तळाला टेकतच नाही, दोन्ही कुशींनी भिंतींना घट्ट धरतो. जेवढा ताण जास्त, तेवढी पाचर खोल रुतते.

या रुतण्याचा हिशेब डोळे दिपवणारा आहे. दोरी खांबाला गुंडाळल्यावर तिची पकड कशी वाढते, याचं गणित अठराव्या शतकात लेओनहार्ड ऑयलरने मांडलं होतं. पुलीला अर्धा वेढा आणि घर्षणांक ०.३ धरला, तर सपाट पट्ट्याची ताणलेली बाजू सैल बाजूच्या जेमतेम अडीचपट ओढ पेलते. त्यापुढे पट्टा घसरतो. तोच वेढा ३८ अंशांच्या खाचेत दिला की हे प्रमाण सुमारे १८ पटींवर जातं. रबर तेच, पुलीही तेवढीच. फरक फक्त कोनाचा. अमेरिकेतल्या डेन्व्हरच्या जॉन गेट्सने १९१७ मध्ये रबर आणि धाग्यांचा असा पट्टा तयार केला, तो मोटारींत तेव्हा वापरात असलेल्या दोराच्या पट्ट्याला पर्याय म्हणून.

गंमत अशी, की एवढी पकड असलेल्या या पट्ट्याला गाडीत वेळेवर पकड सोडावीही लागते. अनेक मॉडेलांत वेगळा क्लचच नसतो, पट्टाच क्लचचं काम करतो. स्प्रिंगने ओढलेली एक तिसरी, रिकामी फिरणारी पुली पट्ट्याला ताणून धरते. पॅडल दाबलं की ती मागे हटते, पट्टा ढिला पडतो, इंजिनची पुली त्याच्या आत नुसती गरगरत राहते. पॅडल सोडलं की पट्टा आधी थोडा घसरतो, मग धरतो. म्हणून या पट्ट्यावर कापडाचं आवरण असतं आणि आत ताण पेलायला पॉलिएस्टर किंवा अ‍ॅरामिडचे धागे. लांबी-रुंदी जुळली म्हणून मोटारीचा उघड्या कुशींचा पट्टा चढवला, तर पॅडल सोडताच तो झटक्याने पकडतो आणि गाडी उसळते. यंत्राच्या माहितीपुस्तकातला क्रमांक बघूनच पट्टा आणायचा तो यासाठी.

बदलण्याचं काम ताकदीपेक्षा चिकाटीचं. इंजिन गार होऊ द्यायचं, स्पार्क प्लगची वायर काढायची. पात्यांचा वेगळा पट्टा याच्या खाली असल्यामुळे बहुतेक वेळा आधी तो उतरवून पात्यांची पेटी बाजूला ओढावी लागते. मग मोबाइलवर जुन्या पट्ट्याच्या वाटेचे फोटो. हे विसरलेला माणूस संध्याकाळपर्यंत गाडीखाली आडवा असतो. पार्किंग ब्रेकने पॅडल खालीच अडकत असेल, तर ब्रेक लावताच पट्टा सैल होतो. गिअरबॉक्सवर पंखा असला तर पट्टा एकेका पात्यावरून वळवत काढायचा. नवा चढवताना स्क्रूड्रायव्हरने मात्र रेटायचं नाही. आतला एखादा धागा तुटला तरी पट्टा पुलीवर उलटा होऊ शकतो.

पुलीशेजारच्या लोखंडी अडणींकडे फार कुणाचं लक्ष जात नाही. ढिला पट्टा त्यांच्या आत राहिला पाहिजे. बाहेरून गेला तर तो निसटतो, नाहीतर पॅडल दाबूनही पुली सोडत नाही आणि गाडी पुढे सरकत राहते.

जुना पट्टा फेकण्याआधी उजेडात धरून पाहावा. कुशी काचेसारख्या चकचकीत असतील तर तो बराच काळ घसरत होता. एकाच जागी जळका खड्डा असेल तर पट्टा अडकलेला असताना इंजिनची पुली त्यावर घासत होती. एकच कड उसवली असेल तर पुल्या एका रेषेत नाहीत. पुलीच्या खाचेचा तळ चमकत असेल, तर झिजलेला पट्टा तळाला टेकला होता, पाचर संपली होती. आणि ती रिकामी पुली हाताने फिरवून बघावी. खरखरली, तर बेअरिंग गेलंय. ते बदललं नाही तर नव्या पट्ट्याचीही पुढच्या मेमध्ये हीच गत होईल.