स्वतःच्या हिमतीवरचा शर्यतवीर

१९६८ साली मोटारसायकल शर्यतींच्या ५०० सीसी गटाच्या जागतिक अजिंक्यपदासाठी दहा शर्यती झाल्या आणि दहाही इटलीच्या जियाकोमो अगोस्तिनी यांनी जिंकल्या. गुणतक्त्यात त्यांच्या खालोखाल होते ऑस्ट्रेलियाचे जॅक फिंडले. अगोस्तिनींकडे एमव्ही अगुस्ता कारखान्याची तीन सिलिंडरची गाडी होती. फिंडले धावले ते एका सिलिंडरच्या मॅचलेसवर, कारखान्याच्या पाठबळाशिवाय. ते दुसरं स्थान मला विजेतेपदाच्या तोलाचं वाटतं.

फिंडले यांचा जन्म १९३५ मधला, व्हिक्टोरिया राज्यातल्या मूरूप्ना गावचा. १९५८ ते १९७८ अशी वीस वर्षं ते ग्राँप्रीत, म्हणजे जागतिक अजिंक्यपदाच्या शर्यतींत, टिकले. कारखान्याच्या पदरी नसलेल्या अशा स्वाराला प्रायव्हेटियर म्हणतात. त्या काळचे प्रायव्हेटियर व्हॅनमध्ये गाडी आणि सुटे भाग भरून देशोदेशी फिरत, शर्यतीच्या ठिकाणीच मुक्काम करत आणि रात्री इंजिन खोलून बसत. शर्यतीत उतरण्याबद्दल आयोजक जी रक्कम देत, तिच्यावर पुढचा प्रवास चाले. पडलं तर उपचार आणि दुरुस्ती दोन्हींचा खर्च अंगावर, शिवाय पुढची शर्यत हुकली की कमाईही बुडाली. त्यामुळे किती धोका पत्करायचा, याचा हिशेब प्रत्येक वळणावर करावा लागे. जेरोम लापेरुझा यांच्या ‘कॉन्टिनेंटल सर्कस’ या फ्रेंच माहितीपटात हेच जगणं दिसतं. त्याचे नायक फिंडलेच आहेत.

१९७१ मध्ये उत्तर आयर्लंडमधल्या डंड्रॉडच्या रस्त्यांवर झालेली अल्स्टर ग्राँप्री त्यांनी सुझुकीवर जिंकली. त्या गाडीचं इंजिन रोजच्या वापराच्या टी५०० मोटारसायकलवरून घडवलेलं होतं. ५०० सीसी ग्राँप्रीत टू-स्ट्रोक इंजिनाचा तो पहिला विजय. पुढे हा गट टू-स्ट्रोकनेच व्यापला. १९७३ मध्ये आइल ऑफ मॅनच्या सुमारे ६० किलोमीटरच्या फेरीवर त्यांनी सीनियर टीटी ही शर्यत जिंकली, तर १९७५ मध्ये यामाहावर फॉर्म्युला ७५० या गटाचं विजेतेपद मिळवलं.

१९७७ ची ऑस्ट्रियन ग्राँप्री मात्र दुःखाच्या सावटाखाली झाली. ३५० सीसी शर्यतीत हान्स श्टाडेलमान मृत्युमुखी पडल्यावर अनेक आघाडीच्या स्वारांनी ५०० सीसीवर बहिष्कार टाकला. फिंडले धावले आणि जिंकले. तेव्हा ते ४२ वर्षांचे होते.

२००७ मध्ये त्यांचं निधन झालं. शर्यतींचा इतिहास वाचताना पहिल्या नावावर थांबू नका. खालच्या ओळींतल्या अशा स्वारांनी स्वखर्चाने मैदान भरलेलं ठेवलं, म्हणूनच विजेत्यांना जिंकायला शर्यत मिळाली.