वेषांतर आणि दृश्येतिहास

भूतकाळाची आपल्या मनातील प्रतिमा बखरी व कागदपत्रे यांच्याइतकीच छापील तसबिरी, छायाचित्रे आणि चित्रपट यांनी घडविलेली असते. ह्या प्रतिमेची चिकित्सा कोणत्या साधनाने करावी? बडोद्यास शिल्पकलेचे शिक्षण घेऊन पुढे छायाचित्रण व चित्रपटाकडे वळलेल्या बंगलोरच्या पुष्पमाला एन्. यांनी त्यासाठी अभिनयाचा मार्ग पत्करला. त्यांच्या कार्याची पूर्वपीठिका मात्र बव्हंशी मुंबईत आढळते.

रविवर्मा छापखान्यासाठी शिळाछापाचे काम केलेल्या दादासाहेब फाळके यांनी १९१२ मध्ये दादर येथे ‘राजा हरिश्चंद्र’ची निर्मिती केली, ३ मे १९१३ रोजी तो गिरगावातील कॉरोनेशन चित्रपटगृहात लोकांपुढे आला. तसबिरीतील पुराण हलू लागले. तारामतीची भूमिका अण्णा साळुंके ह्या पुरुष नटाने केली होती. तथापि नट आणि पात्र यांमधील सांधा प्रेक्षकास जाणवू नये, हाच तेथे हेतू होता. पुढे परळच्या वाडिया मूव्हीटोनने ‘हंटरवाली’ (१९३५) मध्ये ऑस्ट्रेलियात जन्मलेल्या नादियास एतद्देशीय वीरांगना म्हणून उभे केले. तेथेही सांधा झाकलेलाच राहिला.

पुष्पमाला हा सांधा उघडा ठेवतात. ‘फँटम लेडी ऑर किस्मत’ (१९९६–९८) ही मुंबईत घेतलेली कृष्णधवल छायाचित्रमालिका अस्तित्वात नसलेल्या चित्रपटातील दृश्यांसारखी भासते. तीतील मुखवटाधारी नायिका नादियाची आठवण करून देते आणि दुहेरी भूमिका स्वतः पुष्पमाला करतात. क्लेअर आर्नी यांच्यासमवेत केलेल्या ‘नेटिव्ह विमेन ऑफ साउथ इंडिया’ (२०००–०४) ह्या मालिकेत त्या रविवर्मा छापखान्याची लक्ष्मी होतात, आणि चौकड्यांच्या पडद्यापुढे उभी केलेली, मोजमापाची ‘वन्य’ स्त्रीही होतात. एकाच देहावर देवत्व आणि वांशिक नमुना ही दोन्ही आरोपिली गेल्यामुळे, दोन्ही प्रतिमा निसर्गसिद्ध नसून रचलेल्या आहेत, हे प्रत्ययास येते. ‘राष्ट्रीय खीर आणि देशीय सॅलड’ (२००४) ह्या लघुपटात जुन्या पाककृतींच्या वह्यांतून त्यांनी नवस्वतंत्र राष्ट्राच्या आदर्श कुटुंबाचीही अशीच तपासणी केली आहे.

ह्या पद्धतीस एक मर्यादा आहे. मूळ प्रतिमा ज्यास ठाऊक नाही, त्यास केवळ वेषभूषेची हौस दिसेल. अनुकरणातील टीका त्याच्यापर्यंत पोहोचणार नाही. म्हणजे ही चिकित्सा प्रेक्षकाच्या स्मृतीवर अवलंबून आहे. परंतु तेच तिचे बलस्थानही होय. घटना कशी घडली हे ती सांगत नाही. ती घटना आपणांस अशीच का दिसते, हे विचारते. इतिहासाच्या अभ्यासकाने चित्र हे पुरावा म्हणून स्वीकारण्यापूर्वी हा प्रश्न स्वतःस विचारणे अगत्याचे आहे.