मोनिक मेर्क्यूर : क्वेबेकच्या फ्रेंचमधली नायिका

माँट्रियल : मे 1977मध्ये फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवातला उत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार दोघींना विभागून मिळाला. एक अमेरिकेच्या शेली डुव्हाल, दुसऱ्या इथल्या मोनिक मेर्क्यूर. कॅनडातल्या अभिनेत्रीला हा मान पहिल्यांदाच मिळत होता. पण मेर्क्यूर यांच्या तोंडची भाषा क्वेबेकची फ्रेंच होती, आणि त्या वर्षी या प्रांतात भाषेइतका जिव्हाळ्याचा दुसरा विषय नव्हता. आदल्या नोव्हेंबरात स्वतंत्र क्वेबेक मागणारा पक्ष निवडून आला होता. कानच्या सोहळ्यानंतर तीन महिन्यांनी, ऑगस्टमध्ये, कायदा 101 मंजूर झाला आणि सरकार, कामाची जागा, दुकानांच्या पाट्या, शाळा या सगळ्यांत फ्रेंचला पहिले स्थान मिळाले.

ज्या चित्रपटासाठी हा पुरस्कार मिळाला तो मात्र घोषणांपासून फार दूर आहे. झाँ बोदँ यांच्या ‘जे. ए. मार्तँ फोटोग्राफ’मध्ये एकोणिसाव्या शतकातला एक फोटोग्राफर दर उन्हाळ्यात घोडागाडी घेऊन गावोगाव फोटो काढत फिरतो. लग्नाला बरीच वर्षे झालेली, पदरी पाच मुले. यंदा बायको रोझ-एमे ठरवते, मीही येणार. मुले नातलग बाईच्या हवाली करून ती गाडीत चढते. मार्सेल साबुरँ यांचा नवरा अबोल आहे. मेर्क्यूर मोजकेच बोलतात, पण सतत बघत असतात. प्रवासात रोझ-एमेचा गर्भपात होतो. तो प्रसंग आक्रोश करून वठवणे सोपे होते. मेर्क्यूर यांनी तो आतल्या आत सोसलेला दाखवला, आणि पुढच्या दृश्यांत त्या दोघांतले अंतर कमी होताना दिसते. इतका संयमी अभिनय मी फार थोड्या चित्रपटांत पाहिला आहे.

याच मेर्क्यूर 1970मध्ये अगदी वेगळ्या रूपात गाजल्या होत्या. क्लोद फुर्निए यांच्या ‘द फाम आँ ओर’ या विनोदी चित्रपटात माँट्रियलच्या ब्रोसार उपनगरातल्या दोन कंटाळलेल्या गृहिणी नवरे कामावर गेल्यावर दारी येणाऱ्या पुरुषांना घरात घेतात. लोकांनी चित्रपटगृहांपुढे रांगा लावल्या. त्यामागचे कारण या समाजाच्या इतिहासात आहे. शाळा, इस्पितळे, घरातली मुलांची संख्या, साऱ्यांवर कॅथलिक चर्चचा वचक होता. तो 1960नंतरच्या दहा वर्षांत झपाट्याने ओसरला. मोठे कुटुंब हे बाईचे धर्मकर्तव्य, असे ऐकत वाढलेल्या प्रेक्षकांना पडद्यावरची ही मोकळीक नवी होती.

मेर्क्यूर स्वतः 1930मध्ये माँट्रियलमध्ये जन्मल्या. संगीत शिकल्या, चेलो वाजवत. संगीतकार पिएर मेर्क्यूर यांच्याशी लवकर लग्न झाले, तीन मुले झाली. पुढे रंगभूमी, दूरदर्शन, क्लोद झुत्रा यांचे ‘आ तू प्राँद्र’ आणि ‘माँ आँक्ल आंत्वान’. इथल्या कलावंताला एकाच माध्यमावर जगता येत नाही, कारण प्रेक्षक मोजका. चित्रपट उभा राहतो तो बराचसा सार्वजनिक पैशावर. ‘मार्तँ’ची निर्मिती राष्ट्रीय चित्रपट मंडळाची, म्हणजे केंद्र सरकारच्या संस्थेची. ज्या ओटावाशी, म्हणजे केंद्राशी, क्वेबेकचे भांडण, त्याच ओटावाच्या पैशातून क्वेबेकची ही फ्रेंच कानपर्यंत पोचली. ही गुंतागुंत समजून घेतल्याशिवाय इथला सिनेमा कळत नाही.

मेर्क्यूर यांना इंग्रजी वर्ज्य नव्हते. डेव्हिड क्रोनेनबर्ग यांच्या ‘नेकेड लंच’साठी त्यांना सहायक अभिनेत्रीचा जिनी हा कॅनडाचा चित्रपट पुरस्कार मिळाला. 1991 ते 1997 त्या माँट्रियलच्या राष्ट्रीय नाट्यविद्यालयाच्या प्रमुख होत्या, जिथे फ्रेंच आणि इंग्रजी विद्यार्थी एकाच छपराखाली, आपापल्या भाषेत शिकतात. माझ्या मते पुरस्कारांपेक्षा हे काम मोठे. मे 2020मध्ये, 89व्या वर्षी, त्या गेल्या.

‘द फाम आँ ओर’ची कथा 2025मध्ये क्लोए रोबिशो यांनी नव्याने पडद्यावर आणली, तीही क्वेबेकच्या फ्रेंचमध्येच. सनडान्स महोत्सवात या नव्या चित्रपटाच्या लेखनाला ज्युरीचा विशेष पुरस्कार मिळाला.