मेजावरची एक वीत

दोन वर्षांपूर्वी सासूबाईंच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं आणि खाली मांडी घालून बसणं कायमचं बंद झालं. जन्मभर पाटावर जेवलेली बाई! मी त्यांना त्यांच्याच कानडी रीतीने 'अत्ती' म्हणते. अत्तींना एकटीला खुर्चीवर बसवून आपण खाली जेवायचं, हे कुणालाच बरं वाटेना. म्हणून सुताराकडून सागवानी डायनिंग टेबल करून घेतलं. पाच फूट बाय तीन फूट, सहा खुर्च्या.

टेबल नवं, मग त्यावर कापड हवंच. बाजारात गेले. दुकानदाराने विचारलं, "किती सीटर?" मी म्हटलं, "सहा." त्याने 'सिक्स सीटर' असा छाप असलेलं पाकीट काढून दिलं, मी पैसे दिले. टेबलाचं माप ना त्याने विचारलं, ना मी सांगितलं. पाकिटावर ६० बाय ९० इंच लिहिलं होतं, तेही घरी आल्यावर वाचलं.

आता हिशेब बघा. आमचं टेबल ६० बाय ३६ इंच. म्हणजे ९० इंची कापड लांबीकडून दोन्ही टोकांना पंधरा-पंधरा इंच लोंबलं आणि रुंदीकडून बारा-बारा. दिसायला झकास! हॉटेलसारखं. पण डायनिंग टेबलाची उंची साधारण तीस इंच असते, खुर्चीची बैठक अठरा इंच. मधल्या बारा इंचांत बसणाऱ्याच्या मांड्या पाच-सहा इंच जागा घेतात. उरतात सहा-सात इंच. त्याहून लांब कापड सरळ मांडीवर येऊन पडतं.

अत्ती टोकाच्या खुर्चीवर बसायच्या. त्यांची नजर आता अधू. एका रात्री जेवण झाल्यावर उठताना त्यांनी मांडीवरचा पदर गोळा करून ओढला. तो पदर नव्हता, टेबलक्लॉथ होता. गरम सारूचं पातेलं कलंडलं. हातावर थोडंसं सांडलं, निभावलं. पण मनाला फार लागलं. "माझ्याकडूनच असं होतं," म्हणाल्या. दुसऱ्या दिवसापासून त्यांनी स्वयंपाकघरातच, ओट्याजवळ स्टूल घेऊन, आमच्या आधी जेवायला सुरुवात केली. ज्या माणसासाठी टेबल केलं, तेच माणूस टेबलावरून उठलं. कितीही समजावलं तरी ऐकेनात.

मग मीच टेप घेऊन बसले. 'सिक्स सीटर' या शब्दाला काही अर्थ नाही, हे तेव्हा कळलं. कुणाचं सहा खुर्च्यांचं टेबल पाच फुटी असतं, कुणाचं सहा फुटी. रुंदी अडीच फुटांपासून साडेतीनपर्यंत. टेबलाची लांबी आणि रुंदी मोजायची आणि प्रत्येकात लोंबणारं माप दोनदा मिळवायचं. माझी पहिली चूक तीच. मी एकदाच मिळवत होते. (मराठी शिकवणाऱ्यांना गणित येत नाही, असं आमचे हे म्हणतात, त्याला पुरावा मिळाला.)

प्रश्न उरला, किती लोंबवायचं? अत्ती दारातून बघत होत्या. न राहवून पुढे आल्या, टेबलाच्या कडेवर अंगठा टेकवला, करंगळी खाली ताणली. "ओंदु गेणु साकु," म्हणाल्या. एक वीत पुरे. "नोडव्वा, मांडीला टेकलं पाहिजे, मांडीवर बसता कामा नये." त्यांची वीत मी टेपने मोजली, साडेसात इंच भरली. माझी आठ. रोजच्या वापराला सहा ते आठ इंच ठीक, याहून चांगलं शास्त्र मला आजवर मिळालेलं नाही. लग्नसमारंभात जमिनीपर्यंत सोडतात, पण तिथे खाली कुणी पाय घालून बसायचं नसतं. घरात रांगतं मूल असेल तर वीतसुद्धा नको. कापडाचं टोक ते धरणारच. साध्या मॅट घाला.

म्हणजे आमचं माप ७५ बाय ५१. रोजच्यासाठी ५४ इंच पन्ह्याचं सुती कापड सव्वादोन मीटर आणलं. आधी धुतलं, मग कापलं. हा क्रम चुकवू नका. आमचं कापड पहिल्या धुण्यात पन्ह्याला दोन इंच आटलं. अर्ध्या-अर्ध्या इंचाची दुमड घातल्यावर बरोबर ५१ उरलं. आधी शिवलं असतं तर फसलो असतो. हळदीचे डाग पडतातच. साबण लावला की लाल होतात, घाबरायचं नाही. कडक उन्हात वाळवलं की फिके पडतात. बेळगावच्या पावसात मात्र ऊन कुठलं? म्हणून दोन कापडं करून ठेवावीत.

गोल टेबलाचं सांगायचं तर व्यास मोजा आणि लोंब दोनदा मिळवा. त्यावर चौकोनी कापड घालाल तर कोपरे फसवतात. चार फुटी गोल टेबलावर पाच फुटी चौकोन टाकला तर मध्ये सहा इंच लोंबतं आणि कोपऱ्यात अठरा!

एवढं झाल्यावर अत्तींनी ट्रंक उघडली. धारवाडच्या घरी पाहुण्यांच्या चहासाठी तीन फुटी चौकोनी मेज होतं. त्यावरचं कापड त्यांनी लग्नानंतर स्वतः कसुतीने भरलं होतं. कडेने गोपुरं, कोपऱ्यांत तुळशीवृंदावनं, उलटीकडे एक गाठ नाही. मोजलं तर ५१ बाय ५१. तीन फूट आणि दोन विती! रुंदीला नेमकं, लांबीला चोवीस इंच कमी.

"दोन्ही टोकांना खणाच्या पट्ट्या जोडूया का?" मी भीत भीत विचारलं. त्या बराच वेळ काही बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, "जोड. पण माझ्या कापडाला कात्री लावायची नाही." खणाचा पन्हा अरुंद, तरी दीड मीटरात बारा-बारा इंची दोन्ही पट्ट्या शेजारी शेजारी निघाल्या. तोही आधी वेगळा धुतला, रंग जातो का पाहिलं. शिवण मी घातली. त्यांचा हात आता थरथरतो, पण टाके मोजायला शेजारी बसल्या होत्या.

टोकाला लोंबणारी गोपुरं आता टेबलावर आली. त्यांच्यावर ताट ठेवायला कुणाचा हात होईना, शेवटी अत्तींनीच आपलं ताट ठेवलं. रविवारी त्या पुन्हा टोकाच्या खुर्चीवर होत्या. जेवण झालं. उठताना मांडीवरून गोळा केला तो पदरच होता, तरी त्यांनी एकदा वाकून बघितलं आणि मग ओढला.