सावली, घड्याळ आणि एकटीची नौका

पिंपळगाव बसवंत हे द्राक्षांचे आणि कांद्याच्या बाजाराचे गाव. सरळ रेषेत मोजले तरी समुद्र येथून सव्वाशे किलोमीटरहून अधिक दूर. आमच्या सातवीच्या वर्गातील निम्म्याहून अधिक मुलांनी तो पाहिलेला नाही. 2025 च्या जूनमध्ये शाळा उघडली तेव्हा मी त्यांना एक बातमी वाचून दाखवली. भारतीय नौदलातील लेफ्टनंट कमांडर दिलना के. आणि रूपा ए. या दोघी ‘तारिणी’ या शिडाच्या नौकेतून पृथ्वीप्रदक्षिणा करून 29 मे रोजी गोव्याला परतल्या होत्या. निघाल्याही गोव्याहूनच, 2 ऑक्टोबर 2024 रोजी.

बातमी संपली आणि मुलींचे दोन प्रश्न आले. “बाई, दोघीच होत्या तर रात्री झोपायचं कुणी?” आणि “तिथे रस्ता नाही, पाटी नाही, मग आपण कुठे आहोत हे कळायचं कसं?” दोन्ही प्रश्न मोलाचे आहेत. त्यांची उत्तरे शोधू या.

दोघींतील एकटेपण

तारिणी ही सुमारे 17 मीटर लांबीची नौका गोव्यातील दिवाडी बेटावरच्या कारखान्यात बांधली गेली. 2017-18 मध्ये सहा महिला अधिकाऱ्यांनी याच नौकेतून पृथ्वीप्रदक्षिणा केली. त्यानंतर सहांच्या जागी दोघी गेल्या. त्यांनी 25,000 सागरी मैलांहून अधिक अंतर कापले (1 सागरी मैल म्हणजे 1.852 किलोमीटर) आणि वाटेत फक्त चार बंदरांत थांबा घेतला. एक झोपली की दुसरी समुद्रावर एकटीच असते. म्हणून अशा सफरीला लागणारी तयारी एकट्याने नौका हाकणाऱ्यासारखीच करावी लागते. त्यासाठी दोघींनी आधी गोवा ते अंदमान आणि गोवा ते मॉरिशस अशा लांबच्या सफरी केल्या होत्या.

मग पूर्णपणे एकटी असलेली व्यक्ती झोपते कशी? उत्तर साधे आहे. ती थोडी थोडी झोपते आणि सुकाणूचे काम यंत्राकडे सोपवते. वाऱ्यावर चालणाऱ्या एका यंत्रात नौकेच्या मागच्या बाजूला एक उभी पट्टी असते. नौका ठरलेल्या दिशेपासून ढळली की वारा पट्टीवर तिरका लागतो, पट्टी कलते आणि तिला जोडलेले सुकाणू नौकेला पुन्हा मार्गावर आणते. विजेची गरज नाही. मात्र वाऱ्याने दिशा बदलली तर नौकाही त्याबरोबर वळते. म्हणून मधून मधून उठून पाहावेच लागते.

दिलना आणि रूपा यांना शिकवणाऱ्यांत अभिलाष टॉमी होते. 2022 साली ते फ्रान्सहून सुटणाऱ्या एका स्पर्धेत उतरले होते. एकट्याने, कोठेही न थांबता पृथ्वीला फेरी मारायची आणि मार्ग शोधण्यासाठी उपग्रहाची मदत घ्यायची नाही, असा तिचा नियम. सोळा स्पर्धकांत स्त्री एकच होती : दक्षिण आफ्रिकेची किर्स्टन नॉयशेफर. 235 दिवसांनी, 27 एप्रिल 2023 रोजी, तीच पहिली आली. टॉमी दुसरे आले.

सूर्याला विचारलेला पत्ता

उपग्रह नाही, तर किर्स्टनला ठिकाण सांगत होता कोण? मुख्यतः सूर्य. सेक्स्टंट या हातात धरायच्या यंत्राने क्षितिज आणि सूर्य यांमधील कोन मोजतात. भर मध्यान्ही तो कोन मोजला की अक्षांश मिळतो. रेखांशासाठी अचूक घड्याळ लागते. पृथ्वी तासाला 15 अंश फिरते, म्हणजे 1 अंशाला 4 मिनिटे. घड्याळ 4 मिनिटे चुकले तर विषुववृत्ताजवळ ठिकाण सुमारे 111 किलोमीटरांनी चुकते. खडकाळ किनारा जवळ असेल तर अशी चूक जिवावर बेतते.

हाच हिशेब शाळेच्या मैदानात करता येतो. बरोबर 1 मीटर काठी जमिनीबाहेर राहील अशी उभी रोवा. 23 सप्टेंबरच्या सुमारास दुपारी बारापासून दर पाच मिनिटांनी सावलीचे टोक खुणेने दाखवा. पिंपळगावला सर्वांत आखूड सावली सुमारे 36 सेंटिमीटर भरते. कागदावर काठी आणि सावली प्रमाणात काढून कोनमापक लावला की सूर्याची उंची 70 अंश येते. 90 मधून 70 वजा केले की उरले 20. पिंपळगावचा अक्षांश 20 अंश उत्तर! मात्र हे सोपे गणित विषुवदिनाचेच आहे. इतर दिवशी सूर्य विषुववृत्तापासून किती अंश उत्तरेला वा दक्षिणेला आहे, ते पंचांगातून पाहून हिशेबात धरावे लागते.

आता घड्याळ पाहा. आपली प्रमाणवेळ 82.5 अंश रेखांशाची, तर पिंपळगाव 74 अंशांवर. साडेआठ अंशांची 34 मिनिटे होतात. म्हणून येथे मध्यान्ह सरासरीने 12 वाजून 34 मिनिटांनी होते. वर्षभरात ती सोळा मिनिटांपर्यंत मागेपुढे सरकते. विषुवदिनी सप्टेंबरात ती सुमारे सात मिनिटे आधी होते. नागपूरच्या एखाद्या शाळेने त्याच दिवशी हा प्रयोग केला तर सावली जवळजवळ तेवढीच येईल, पण मध्यान्ह सुमारे 20 मिनिटे आधी होईल. दोन शाळांनी पत्राने वेळा कळवल्या तर मुलांना रेखांशातील फरक स्वतः काढता येईल.

वर्गात आणखी एक घटना अवश्य सांगावी. नोव्हेंबर 2022 मध्ये स्पर्धेतील फिनलंडच्या तापिओ लेहतिनेन यांची नौका हिंदी महासागरात बुडाली आणि ते रबरी तराफ्यावर अडकले. किर्स्टन सुमारे शंभर सागरी मैलांवर होती. तिने स्पर्धा बाजूला ठेवली, रात्रभर नौका हाकली आणि त्यांना गाठले. त्या शोधासाठी आयोजकांनी तिला मोहोरबंद ठेवलेले उपग्रह-यंत्र उघडू दिले आणि तिने ते उघडले. माणसाचा जीव वाचवायचा असेल तेव्हा हाताशी असलेले सर्वांत अचूक साधनच वापरायचे.

आमच्या वर्गाने सप्टेंबरात काठी रोवली. पहिल्या गटाचे उत्तर आले 23 अंश. म्हणजे चूक तीन अंशांची, सुमारे तीनशे तीस किलोमीटरांची. काठी तिरकी होती. “बाई, आपण तर इंदूरच्याही पुढे गेलो!” असे म्हणत मुलींनी ओळंबा आणला आणि काठी पुन्हा रोवली.